अस्सल डिस्कच का चालत नाही?

प्रश्न : घर आवरताना थोरल्या भावाने २००५ साली घेतलेली ‘टॉम क्लॅन्सीज स्प्लिंटर सेल : केऑस थिअरी’ या गेमची मूळ डिस्क सापडली. बाहेरून ड्राइव्ह जोडून ती विंडोज ११ च्या संगणकात घातली, पण गेम काही केल्या सुरू होत नाही. मित्र म्हणतो, ‘त्यात स्टारफोर्स आहे. नेटवरून क्रॅक उतरवून घे, लगेच चालेल.’ हे स्टारफोर्स म्हणजे नेमके काय? लोक त्याच्याविषयी आजही एवढ्या रागाने का बोलतात? पैसे मोजून घेतलेली डिस्क चालत नाही आणि फुकट उतरवलेली प्रत चालते, हे कसे? आणि आपल्या कायद्यात क्रॅक बसतो का?
– एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : आधी थोडक्यात सांगतो. तुमची डिस्क बहुधा धडधाकट आहे आणि संगणकातही काही बिघाड नाही. २००५ च्या त्या डिस्कबरोबर स्टारफोर्स नावाचे कॉपी प्रोटेक्शन येते. ते स्वतःचे ड्रायव्हर विंडोजच्या अगदी गाभ्यात बसवते आणि ‘डिस्क अस्सल आहे’ असे त्या ड्रायव्हरकडून कळल्याशिवाय गेम उघडत नाही. ते ड्रायव्हर ३२-बिट विंडोजसाठी लिहिलेले होते. विंडोज ११ फक्त ६४-बिट स्वरूपातच येते, आणि ६४-बिट गाभ्यात ३२-बिट ड्रायव्हर चढत नाही. तपासणीच होऊ शकत नाही, म्हणून गेम अडून बसतो.

पण तुमच्या चार प्रश्नांमागे एक मोठा प्रश्न आहे. एखाद्या वस्तूचे चोरीपासून रक्षण करताना त्याचा भार विकत घेणाऱ्यावर किती टाकायचा आणि किती वर्षे? ‘केऑस थिअरी’च्या पीसी आवृत्तीइतके त्याचे स्वच्छ उदाहरण मला दुसरे माहीत नाही. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

गेम कसा होता?

‘केऑस थिअरी’ मार्च २००५ मध्ये एक्सबॉक्स, प्लेस्टेशन २, गेमक्यूब आणि पीसीवर आला. युबिसॉफ्ट या फ्रेंच कंपनीच्या मॉन्ट्रियलमधल्या स्टुडिओने तो घडवला. दोन हेर विरुद्ध दोन पहारेकरी असा ऑनलाइन सामना फ्रान्समधल्या अ‍ॅनसीच्या स्टुडिओने तयार केला. नायक सॅम फिशर हा अमेरिकी गुप्तहेर. त्याला मायकेल आयर्नसाइड यांचा खर्जातला आवाज आणि गेमला आमोन टोबिन या ब्राझीलमध्ये जन्मलेल्या संगीतकाराचे संगीत लाभले. पहिलीच कामगिरी पेरूच्या किनाऱ्यावरच्या दीपगृहात, रात्रीच्या पावसात घडते.

गोळ्या झाडत पुढे जाण्याचा हा खेळ नाही. कुणाला न दिसता, चाहूल लागू न देता आत शिरायचे, काम उरकायचे आणि बाहेर पडायचे. पडद्यावर दोन मापक असतात. एक तुमच्या अंगावर किती उजेड पडतो ते सांगतो, दुसरा तुम्ही किती आवाज करता ते. दुसऱ्या मापकावर भोवतालच्या गोंगाटाचीही खूण असते. पाऊस कोसळत असेल किंवा जनरेटर घरघरत असेल तर ती खूण वर सरकते, आणि तिच्या खाली राहिलात तर पहारेकऱ्याला काही ऐकू जात नाही. शांत दालनात मात्र तेवढेच पाऊल घात करते. पीसीवर माउसचे चाक फिरवून सॅमची चाल हळू किंवा जलद करता येते. एकेक खाच फिरवत दबकत जाण्यात जो ताण आहे, तो या मालिकेच्या चाहत्यांना वीस वर्षांनंतरही आठवतो. त्या वेळच्या नव्या ग्राफिक्स कार्डांसाठी शेडर मॉडेल ३.० ची सोयही पीसी आवृत्तीत केली होती. भिंतींवरचा ओलावा आणि सॅमच्या भिजलेल्या पोशाखावरची चमक पाहून लोक थक्क होत.

हे सारे शेकडो माणसांच्या मेहनतीतून उभे राहते. ती मेहनत विकूनच त्यांचे पगार होतात. युबिसॉफ्टचा एक स्टुडिओ २००८ पासून आपल्या पुण्यातही आहे. तेव्हा ‘कंपनीने प्रोटेक्शन लावलेच कशाला?’ असे मी म्हणणार नाही. लावण्याचे कारण खरे होते. त्या काळी मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर आणि दिल्लीच्या नेहरू प्लेसमध्ये नकली सीडी उघड्यावर मिळत. जगातल्या बहुतेक मोठ्या शहरांत तसे बाजार होते, शिवाय इंटरनेटवरून उतरवलेल्या प्रती वेगळ्याच. माझी तक्रार आहे ती निवडलेल्या मार्गाबद्दल.

स्टारफोर्स काय तपासत होते?

घरोघरी सीडी रायटर आले तसे गेमच्या कंपन्यांनी डिस्कवर सहजी कॉपी होणार नाहीत अशा खुणा पेरायला सुरुवात केली. मॅक्रोव्हिजनचे सेफडिस्क आणि सोनी डीएडीसीचे सिक्युरॉम ही त्यातली गाजलेली नावे. पण क्रॅक करणारे, म्हणजे प्रोटेक्शन मोडून काढणारे गट ती फार लवकर उलगडत. अनेक गेम तर दुकानात येण्याच्या दिवशीच इंटरनेटवर उपलब्ध असत. मॉस्कोच्या प्रोटेक्शन टेक्नॉलॉजी या कंपनीने बनवलेले स्टारफोर्स या दोघांहून वेगळ्या वाटेने गेले. ‘केऑस थिअरी’वर त्याची तिसरी पिढी होती.

त्याची पहिली युक्ती डिस्कच्या भूमितीवर आधारलेली होती. सीडी किंवा डीव्हीडीवरची माहिती आतून बाहेर जाणाऱ्या एकाच लांबलचक सर्पिल रेषेवर असते. ही रेषा किती दाट गुंडाळलेली आहे, यात साच्यागणिक अगदी बारीक फरक पडतो. समजा, एकाच लांबीच्या दोन दोऱ्यांवर ठरावीक अंतरावर शाईचे ठिपके दिले आणि ते दोरे दोन रिळांवर कमीजास्त घट्ट गुंडाळले, तर दोऱ्यावरचे अंतर तेच राहूनही रिळांवर ठिपक्यांच्या जागा वेगवेगळ्या पडतील. डिस्कचेही तसेच होते. स्टारफोर्स ड्राइव्हला डिस्क ठरावीक वेगाने फिरवायला लावी, दोन सेक्टर वाचण्यामधला वेळ मोजी आणि त्यावरून त्यांच्यातला कोन काढी. कोऱ्या डिस्कवर बर्न केलेल्या प्रतीत माहितीचा बिट न् बिट तोच असला तरी कोन जुळत नसत, कारण कोऱ्या डिस्कची रेषा दुसऱ्याच दाटीने आखलेली असते. प्रत पकडली जाई ती इथे.

दुसरी युक्ती गेमच्या प्रोग्राममध्ये होती. जुन्या प्रोटेक्शनमध्ये ‘डिस्क खरी आहे का?’ हा सवाल प्रोग्राममध्ये एखाद्या जागी विचारलेला असे. क्रॅक करणारा ती जागा शोधून ‘हो’ असे उत्तर कायमचे लिहून टाकी. स्टारफोर्सने गेमच्या प्रोग्राममधले निवडक भाग स्वतःच्या खाजगी यंत्रभाषेत बदलून ठेवले, आणि ते भाग चालवण्यासाठी स्वतःचे आभासी यंत्र बरोबर दिले. आता नुसता सवाल काढून भागत नव्हते. ती अनोळखी भाषा शिकून एकेक भाग पुन्हा साध्या भाषेत आणणे भाग होते.

तिसरी गोष्ट ड्रायव्हरची, आणि सगळ्या वादाचे मूळ तीच. विंडोजमध्ये सामान्य प्रोग्राम बाहेरच्या कक्षेत चालतात, त्यांना यंत्रसामग्रीला थेट हात लावता येत नाही. ड्रायव्हर मात्र गाभ्यात चालतात. तिथे त्यांना जवळजवळ सगळे दिसते आणि सगळे करता येते. कोन मोजायचा तर ड्राइव्हशी थेट बोलायला हवे, आणि आभासी, म्हणजे प्रोग्रामने उभे केलेले खोटे ड्राइव्ह दाखवून फसवू पाहणाऱ्यांना पकडायचे तर त्यांच्याइतकेच खोलवर बसायला हवे. म्हणून स्टारफोर्सने आपले ड्रायव्हर तिथे बसवले.

मग ते किती टिकले?

प्रोटेक्शन म्हणून पाहिले तर त्याने काम चोख केले. ‘केऑस थिअरी’चा पूर्ण क्रॅक यायला चारशेहून अधिक दिवस लागले. ज्या धंद्यात काही दिवस टिकणे हेच यश मानले जाई, तिथे हा पराक्रम होता. दरम्यान काही हट्टी लोक वेगळ्या वाटेने आत शिरत. आयडीई केबलला जोडलेले खरे ड्राइव्ह संगणकात असले की स्टारफोर्स आभासी ड्राइव्ह नाकारी, पण एकही खरा ड्राइव्ह नसेल तर त्याची पंचाईत होई. म्हणून हे लोक संगणकाची बाजूची पट्टी उघडून ड्राइव्हची केबल काढत, मग आभासी ड्राइव्हवर डिस्कची प्रतिमा, म्हणजे तिची फाइलरूपी नक्कल चढवत आणि खेळत. एवढा खटाटोप करणारे थोडेच असतात. बाकीच्यांनी एक तर डिस्क घेतली किंवा वाट पाहिली.

या चारशे दिवसांचे महत्त्व नीट समजून घ्यायला हवे, कारण माझा मुद्दा त्यावरच उभा आहे. गेमची विक्री सुरुवातीच्या काळात सर्वांत जोरात होते, पुढे ओसरत जाते आणि किमतीही उतरतात. म्हणजे प्रोटेक्शनची खरी गरज सुरुवातीच्या महिन्यांपुरती असते. २००६ च्या मध्यानंतर ‘केऑस थिअरी’वरचे स्टारफोर्स कोणत्याही चोराला अडवत नव्हते, कारण क्रॅक सर्वत्र पोचला होता. तरी ज्यांनी डिस्क विकत घेतली, त्यांच्या संगणकात तो ड्रायव्हर राहिला आणि डिस्कवरची तपासणीही तशीच राहिली.

लोक एवढे का चिडले?

पहिले कारण संमतीचे. गेम इन्स्टॉल करताना आपण गेम बसवतोय एवढेच लोकांना वाटे. त्याबरोबर गाभ्यात ड्रायव्हर बसतो, संगणक पुन्हा सुरू करायला लावतो आणि गेम काढून टाकला तरी मागे राहतो, हे ठळकपणे कुणी सांगितले नव्हते. ड्रायव्हर काढायचा तर कंपनीकडून वेगळे साधन मिळवावे लागे. जो माणूस नियमाने वागला, त्याच्याच संगणकात न विचारता एक कायमचा भाडेकरू आला.

दुसरे कारण नुकसानीचा आरोप. विंडोज एक्सपीमध्ये एक नियम होता. ड्राइव्हकडून माहिती घेताना ठरावीक संख्येने चुका झाल्या की विंडोज त्या ड्राइव्हचा वेग एकेक पायरी उतरवत नेई, आणि शेवटी पीआयओ नावाच्या जुन्या, संथ पद्धतीवर आणून ठेवी. त्या पद्धतीत माहितीच्या प्रत्येक तुकड्यासाठी प्रोसेसरला राबावे लागते. स्टारफोर्सच्या तपासणीमुळे अशा चुका वाढतात, ड्राइव्ह संथ होतात आणि पुढे खराबही होतात, असे अनेक खेळाडूंचे म्हणणे होते. कंपनीने ते ठामपणे नाकारले आणि ड्राइव्हला इजा होते हे सिद्ध करून दाखवणाऱ्यासाठी बक्षीसही जाहीर केले. यंत्रसामग्री कायमची मोडते, हे पक्क्या पुराव्याने कधी सिद्ध झाले नाही. म्हणून तो आरोप मी खरा म्हणून तुमच्यापुढे ठेवणार नाही. पण लोकांचा संशय वेडगळ नव्हता. आपल्या यंत्राच्या गाभ्यात काय चालले आहे हे पाहायची सोयच नसेल, तर प्रत्येक बिघाडाचा संशय त्या अनाहूताकडेच जाणार.

तिसरे कारण त्या वेळचे वातावरण. ३१ ऑक्टोबर २००५ रोजी मार्क रुसिनोविच या संगणकतज्ज्ञांनी दाखवून दिले की, सोनी बीएमजीच्या काही गाण्यांच्या सीडी संगणकात रूटकिट बसवतात. म्हणजे असा प्रोग्राम, जो स्वतःला विंडोजपासूनही लपवतो. नाव प्रत-संरक्षणाचेच होते. त्या लपण्याच्या सोयीचा फायदा व्हायरस लिहिणाऱ्यांनी घेतला, आणि कंपनीला त्या सीडी बाजारातून परत घ्याव्या लागल्या. हे ताजे असतानाच स्टारफोर्सचा विषय पेटला. जानेवारी २००६ मध्ये लेखक कोरी डॉक्टरो यांनी स्टारफोर्सवर कडक टीका केली, तेव्हा कंपनीने त्यांना कायदेशीर कारवाईची धमकी दिली. मार्चमध्ये आणखी भलते घडले. स्टारडॉक कंपनीने ‘गॅलॅक्टिक सिव्हिलायझेशन्स २’ हा गेम कसलेही प्रोटेक्शन न लावता विकला होता, आणि तो चांगला खपत होता. स्टारफोर्सच्या एका कर्मचाऱ्याने त्या गेमची चोरीची प्रत कुठे मिळते, त्याचा पत्ताच जाहीर करून टाकला. चोरी रोखण्याचा धंदा करणाऱ्यांकडून हे घडल्यावर उरलेला विश्वासही गेला. त्याच सुमारास अमेरिकेत युबिसॉफ्टवर या प्रोटेक्शनवरून दावाही दाखल झाला. एप्रिल २००६ मध्ये युबिसॉफ्टने पुढच्या गेममध्ये स्टारफोर्स वापरणार नसल्याचे जाहीर केले.

गाभ्यातल्या ड्रायव्हरची भीती खरी की काल्पनिक?

खरी. त्याचा पुरावा स्टारफोर्समध्ये नाही, तर त्याच्या आधीच्या पिढीत आहे. सेफडिस्कचा ‘सेकड्राइव्ह’ नावाचा ड्रायव्हर मायक्रोसॉफ्ट विंडोज एक्सपीबरोबरच देत असे. २००७ मध्ये त्यात एक भोक सापडले. त्यातून साध्या वापरकर्त्याला संगणकाचे सर्वाधिकार मिळवता येत होते आणि हल्लेखोर ते वापरतही होते. मायक्रोसॉफ्टने दुरुस्ती दिली. पुढे २०१५ मध्ये विंडोज १० मध्ये हा ड्रायव्हर वगळला गेला, आणि त्याच वर्षी सप्टेंबरमधल्या सुरक्षा दुरुस्तीने जुन्या विंडोजवरही तो बंद केला. निर्णय बरोबर होता. पण त्या एका निर्णयाने सेफडिस्क असलेल्या असंख्य गेमच्या अस्सल डिस्क एका रात्रीत निरुपयोगी झाल्या.

तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर इथेच मिळते. प्रोटेक्शन हे ऑपरेटिंग सिस्टिमच्या ज्या थराला चिकटलेले असते, तो थर सर्वांत आधी आणि सर्वांत जास्त बदलतो. गेमचा स्वतःचा प्रोग्राम बाहेरच्या कक्षेत असतो, आणि जुने प्रोग्राम तिथे चालत राहावेत याची काळजी विंडोज बरीच घेते. म्हणून ‘केऑस थिअरी’ हा गेम आजच्या संगणकावर चालू शकतो. चालत नाही ते त्याच्यासोबत आलेले प्रोटेक्शन. चोरीच्या प्रतीत प्रोटेक्शन काढून टाकलेले असते, म्हणून ती चालते. पैसे देणाऱ्याच्या वाट्याला गेम आणि त्याचे ओझे दोन्ही येतात. न देणाऱ्याला फक्त गेम मिळतो.

पुढे काही सुधारले का?

सरळ रेषेत नाही. युबिसॉफ्टचाच प्रवास पाहा. २००८ मध्ये ‘रेनबो सिक्स : व्हेगास २’च्या डाउनलोड करून घेतलेल्या प्रतींमध्ये डिस्क मागितली जाण्याची अडचण आली. त्यावर कंपनीकडून जी अधिकृत दुरुस्ती निघाली, तिच्यात एका क्रॅक गटाने बनवलेली फाइलच सापडली. म्हणजे ग्राहकाची अडचण सोडवायला कंपनीला क्रॅकचाच आधार घ्यावा लागला. त्याच वर्षाच्या अखेरीस ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ पीसीवर प्रोटेक्शनशिवाय आला. मग २०१० मध्ये पारडे पूर्ण फिरले. ‘असॅसिन्स क्रीड २’ आणि सॅम फिशरचाच नंतर आलेला गेम ‘स्प्लिंटर सेल : कन्व्हिक्शन’ यांच्या पीसी आवृत्त्यांना सतत इंटरनेट लागे, एकट्याने खेळतानासुद्धा. जोडणी तुटली की खेळ थांबे. मार्च २०१० मध्ये ही जोडणी तपासणाऱ्या कंपनीच्या सर्व्हरवर हल्ला झाला, तेव्हा पैसे भरलेल्या कित्येकांना आपलाच गेम उघडता येईना. २०१२ मध्ये कंपनीने ही अट सोडल्याचे जाहीर केले.

स्टेल्थ, म्हणजे अशाच चोरपावलांनी खेळायच्या प्रकारातले आणखी एक उदाहरण २०१६ च्या ‘हिटमॅन’चे. एकट्याने खेळायचा हा गेम, पण त्यातल्या बऱ्याच गोष्टी खुल्या व्हायला सर्व्हरची जोडणी लागते. सप्टेंबर २०२१ मध्ये तो ‘गॉग’ या दुकानात विक्रीला आला. हे दुकान प्रोटेक्शनमुक्त गेमसाठीच ओळखले जाते. ग्राहकांनी कडाडून आक्षेप घेतला आणि पुढच्याच महिन्यात दुकानाने गेम काढून घेतला. मला ही घटना फार महत्त्वाची वाटते, कारण इथे ग्राहकांनी गेम वाईट म्हटला नाही. दिलेला शब्द पाळा, एवढेच ते म्हणाले आणि त्यांचे ऐकले गेले.

चांगली उदाहरणेही आहेत. पोलंडच्या सीडी प्रोजेक्टने मे २०११ मध्ये ‘द विचर २’ आणला आणि काही दिवसांतच दुरुस्तीद्वारे डिस्कवरचे प्रोटेक्शन काढून टाकले. मे २०१६ मध्ये आलेल्या ‘डूम’मधून डेनुव्हो हे आजचे गाजलेले प्रोटेक्शन त्याच वर्षी डिसेंबरमध्ये काढले गेले. सुरुवातीच्या विक्रीचे रक्षण झाले, मग ग्राहकाला मोकळे केले. माझ्या मते प्रामाणिक वाट हीच.

कायदा काय म्हणतो?

भारताच्या कॉपीराइट कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५-अ आले. हक्कांच्या रक्षणासाठी लावलेला परिणामकारक तांत्रिक उपाय, त्या हक्कांचा भंग करण्याच्या हेतूने मोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. यातला ‘हेतू’ महत्त्वाचा. अमेरिकेच्या १९९८ च्या कायद्यात असे मोडणेच मुळात निषिद्ध आहे, आणि सवलती ठरावीक वर्षांनी मागून घ्याव्या लागतात. २०१० मध्ये तिथे पीसी गेमच्या प्रोटेक्शनमधले सुरक्षेचे दोष तपासण्यासाठी अशी एक सवलत मिळाली होती. आपला कायदा हेतू पाहतो, आणि सुरक्षेची तपासणी व संशोधन यांनाही वाट ठेवतो.

आपल्याच कायद्याचे कलम ५२ आणखी एक गोष्ट सांगते. संगणक प्रोग्रामची प्रत ज्याच्याकडे कायदेशीरपणे आहे, तो ती ज्या कामासाठी दिली गेली त्या कामासाठी वापरता यावी म्हणून तिची प्रत किंवा रूपांतर करू शकतो, आणि नष्ट होण्यापासून बचाव म्हणून राखीव प्रतही ठेवू शकतो. तुमच्या भावाने विकत घेतलेली डिस्क चालवण्याची धडपड ही चोरी नव्हे, असे मी यावरून मानतो.

पण इंटरनेटवरची क्रॅक फाइल ही निराळी गोष्ट आहे. ती कंपनीच्या प्रोग्रामची बदललेली प्रत असते आणि ती वाटणाऱ्याला तसा हक्क नसतो. त्याहून मोठा धोका असा की, तिच्या आत आणखी काय भरले आहे हे तुम्हाला कळत नाही. ज्या कारणासाठी आपण स्टारफोर्सला दोष देतो, तेच कारण इथेही लागू आहे. अनोळखी हातांनी बदललेला प्रोग्राम सर्वाधिकार देऊन आपल्या संगणकात चालवायचा नाही.

तुम्ही आता काय करावे?

सोपी वाट म्हणजे डिजिटल प्रत घ्या. ‘केऑस थिअरी’ आज ‘गॉग’वर प्रोटेक्शनशिवाय मिळतो. ही प्रत उतरवून आपल्या डिस्कवर जपून ठेवली की कुणाची परवानगी न मागता पुन्हा बसवता येते. युबिसॉफ्टच्या स्वतःच्या दुकानातही तो आहे, आणि नोव्हेंबर २०२१ मध्ये कंपनीने काही दिवस तो फुकटही वाटला होता. तेव्हा तुम्ही किंवा भावाने तो खात्यात घेतला असेल तर एकदा पाहून घ्या. या प्रती स्टारफोर्सविना चालतात.

डिस्कवरूनच खेळायची हौस असेल, तर ३२-बिट विंडोज एक्सपी असलेला जुना संगणक आणि त्यातला जुना ड्राइव्ह लागेल. तसा संगणक इंटरनेटला जोडू नका, त्याला सुरक्षा दुरुस्त्या मिळणे केव्हाच थांबले आहे. आणि डिस्क चालली नाही तरी टाकू नका. खोका, माहितीपुस्तिका आणि डिस्क मिळून तो एका काळाचा दस्तऐवज आहे. गेमचा इतिहास लिहिणाऱ्यांना अशा वस्तू फार मोलाच्या असतात.

शेवटी माझे मत

प्रोटेक्शन लावण्याचा निर्मात्याचा हक्क मी मानतो. पण त्या हक्काबरोबर तीन जबाबदाऱ्या येतात, आणि त्या आजही क्वचितच पाळल्या जातात. पहिली, विकण्याआधी सांगा : गेमबरोबर आणखी काय बसणार आहे, ते गाभ्यात जाते का, त्याला सतत इंटरनेट लागते का. दुसरी, गेम काढला की त्याच्यासोबत आलेले सगळे निघून गेले पाहिजे. तिसरी आणि सर्वांत महत्त्वाची, प्रोटेक्शनला मुदत हवी. विक्रीचा भर ओसरल्यावर ते काढून टाकणारी दुरुस्ती देणे, हे कंपनीने पहिल्याच दिवशी लेखी मान्य केले पाहिजे.

लोक आता हे मागू लागले आहेत. युबिसॉफ्टने मार्च २०२४ च्या अखेरीस ‘द क्रू’ हा गेम सर्व्हरसकट बंद केला. त्यानंतर युरोपात ‘विकलेले गेम असे मारू नका’ या मागणीवर दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या. १ जानेवारी २०२५ पासून कॅलिफोर्नियात लागू झालेल्या कायद्यानुसार, ग्राहकाला केवळ परवाना मिळत असेल तर तसे स्पष्ट न सांगता ‘खरेदी करा’ असे लिहिता येत नाही. आपल्याकडे पीसीवर पैसे देऊन खेळणारे वाढत आहेत आणि पुण्या-मुंबईत गेम घडवणारेही आहेत. तेव्हा हा प्रश्न आपलाही आहे. पुढचा गेम घेण्याआधी विक्रीच्या पानावर प्रोटेक्शनविषयी काय लिहिले आहे ते वाचा. लिहिलेले नसेल तर विक्रेत्याला विचारा, आणि उत्तर मिळेपर्यंत पैसे देऊ नका.